डिस्क आपली, प्रतही आपणच काढायची

नमस्कार मंडळी.

माझ्या हातातली ही डिस्क पहिल्या प्लेस्टेशनची, म्हणजे सोनीच्या जुन्या गेम कन्सोलची. खालची बाजू काळी कुळकुळीत दिसतेय ना? तो नुसता प्लास्टिकचा रंग आहे. ड्राइव्हच्या लेझरला त्याचा काही अडथळा होत नाही, म्हणून संगणकाचा साधा ड्राइव्हसुद्धा ही डिस्क वाचतो. आता मागून बॅटरीचा उजेड टाकतो. छापील नावाच्या जरा वर टाचणीच्या टोकाएवढा ठिपका चमकतोय, दिसला? तिथला चकाकणारा थर गेला. तिथे जे लिहिलेलं होतं ते आता कुठल्याच यंत्राला वाचता येणार नाही.

सीडीत माहितीचा थर वरच्या छापील बाजूला अगदी लगटून असतो. खाली १.२ मिलिमीटर जाडीचं प्लास्टिक असतं, त्यामुळे खालचा ओरखडा बऱ्याचदा घासून घालवता येतो. वरचा ओरखडा मात्र थेट खेळावर उठतो. आपण आयुष्यभर खालची बाजू जपली आणि छापील बाजू टेबलावर टेकवून डिस्क बिनधास्त ठेवत आलो. डीव्हीडीत हा थर ०.६ मिलिमीटरच्या दोन तबकड्यांच्या मधे दडलेला असतो, म्हणून प्लेस्टेशन २ च्या डिस्क जरा कणखर. पण त्याही काही अमर नाहीत.

आजचा विषय आहे आपल्याकडचे जुने कन्सोलचे खेळ संगणकावर खेळण्यासाठी एम्युलेटर बसवणं. एम्युलेटर बसवायला दहा मिनिटं पुरतात आणि ते मी शेवटी सांगीनच. माझा आग्रह आहे तो त्याच्या आधीच्या कामाबद्दल. डिस्क, बायोस (तो काय ते पुढे सांगतो) आणि खेळातली प्रगती साठवणारं मेमरी कार्ड या तीन गोष्टींची चोख प्रत काढा, आणि डिस्क वाचता येतेय तोवर काढा. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आता अधिकृतपणे विकतच मिळत नाहीत, असं त्यात दिसून आलं. म्हणजे तुमच्या कपाटातली डिस्क गेली तर दुकानात जाऊन दुसरी आणू म्हणायची सोय बहुतेक वेळा उरलेली नाही.

एम्युलेटर करतो काय, ते थोडक्यात. पहिल्या प्लेस्टेशनच्या प्रोसेसरचा वेग ३३.८ मेगाहर्ट्झ होता आणि मुख्य मेमरी २ एमबी. त्या प्रोसेसरची भाषा आपल्या संगणकाला कळत नाही. एम्युलेटर मधे दुभाषी म्हणून उभा राहतो. एकेक आज्ञा वाचून तिचा अर्थ लावत बसलं तर काम रखडतं, म्हणून चांगले एम्युलेटर आज्ञांचा एक गठ्ठाच उचलतात, त्याचं भाषांतर करून ठेवतात आणि तोच गठ्ठा पुन्हा आला की तयार भाषांतर चालवतात. आवाजाची चिप, चित्राची चिप, डिस्कचा ड्राइव्ह, सगळ्यांची वेळ एकमेकांशी जुळवावी लागते ती वेगळीच.

प्लेस्टेशन २ ची गोष्ट मला फार आवडते. २००० साली आलेल्या या यंत्राचा मुख्य प्रोसेसर, इमोशन इंजिन, सुमारे २९५ मेगाहर्ट्झचा. म्हणजे आजच्या संगणकापुढे किरकोळ. पण त्याची अपूर्णांकांची आकडेमोड जगरहाटीप्रमाणे चालत नाही. बाकीचे प्रोसेसर जिथे उत्तर ‘अनंत’ देतात तिथे हा सर्वांत मोठा आकडा देऊन पुढे जातो, आणि शेवटचा अंकही वेगळ्या रीतीने तोडतो. खेळ लिहिणाऱ्यांनी त्याच रीतीवर भिस्त ठेवलेली. आपल्या संगणकाने आपल्या पद्धतीने हिशेब केला की पडद्यावर पात्राच्या खांद्यातून एक भलामोठा त्रिकोण निघतो आणि थेट आकाशात घुसतो. पीसीएसएक्स२ या प्लेस्टेशन २ च्या एम्युलेटरच्या सेटिंग्जमध्ये ‘राउंडिंग’ आणि ‘क्लॅम्पिंग’ असे शब्द दिसतात ते यासाठी. कुठल्या खेळाला काय लागतं याची यादी एम्युलेटरच्या पोटातच असते आणि ती आपोआप लागू होते. त्यामुळे माझी विनंती आहे, खेळ नीट चालत असेल तर तिथे हात लावू नका. एखाद्या व्हिडिओत कुणी ‘सर्वोत्तम सेटिंग’ सांगितलं म्हणून सगळीकडे तेच ठोकून देणं, हे बहुतेक बिघाडांचं मूळ मी पाहिलं आहे.

आता बायोस. कन्सोल सुरू करताना जो पहिला प्रोग्राम चालतो तो. पहिल्या प्लेस्टेशनचा ५१२ केबीचा, प्लेस्टेशन २ चा ४ एमबीचा. एम्युलेटर विनामूल्य मिळतो पण त्याच्यासोबत बायोस नसतो, कारण बायोसचा हक्क सोनीचा आहे. एम्युलेटर स्वतः बेकायदा नाही, हे अमेरिकेत २००० साली कनेक्टिक्स कंपनीच्या खटल्यात पुढे आलं. मॅकवर प्लेस्टेशनचे खेळ चालवणारा त्यांचा प्रोग्राम होता. सोनीच्या बायोसचा अभ्यास करण्यापुरत्या काढलेल्या प्रती नवव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने वाजवी वापरात, म्हणजे हक्कदाराच्या परवानगीविना चालणाऱ्या वापरात धरल्या, कारण अंतिम प्रोग्राममध्ये कनेक्टिक्सने स्वतः लिहिलेला कोड होता. तेव्हा आपण बायोस कुठून आणायचा? आपल्याच कन्सोलमधून. प्लेस्टेशन २ वर घरगुती, म्हणजे हौशी लोकांनी लिहिलेले प्रोग्राम चालवायची सोय केली की बायोस वाचून यूएसबी पेनड्राइव्हवर उतरवता येतो. पाच मिनिटांचं काम आहे. निंटेंडोच्या गेमक्यूब कन्सोलवाल्यांना ही दगदग नाही, डॉल्फिन एम्युलेटर बायोसशिवाय चालतो. मात्र गेमक्यूबच्या छोट्या डिस्क संगणकाचे बहुतेक ड्राइव्ह वाचतच नाहीत, त्या निंटेंडोच्याच जुन्या वी कन्सोलमधून उतरवाव्या लागतात. काहीतरी एक सोपं तर दुसरं अवघड, असंच आहे हे.

एक गैरसमज मला दर व्याख्यानानंतर ऐकू येतो. ‘खेळ डाउनलोड करून चोवीस तासांत काढून टाकला तर चालतं.’ असा नियम कुठेही नाही. कुणीतरी संकेतस्थळावर लिहिलं आणि ते पसरलं. स्वतःच्या डिस्कची प्रत काढण्याबद्दल प्रत्येक देशाचा कायदा वेगळा आहे, विशेषतः डिस्कवरचं प्रत रोखणारं कुलूप तोडण्याबद्दल. आपल्या देशाचा कायदा वाचून घ्या. पण दुसऱ्याने चढवलेली फाइल उतरवणं आणि स्वतःच्या हातातली डिस्क वाचणं, या दोन गोष्टी मनातल्या मनातसुद्धा एक करू नका.

आणि फक्त कायद्यापुरतं हे नाही. उतरवलेल्या फाइलमध्ये कुणी काय घातलंय, ती कुठल्या प्रदेशातली आवृत्ती आहे, गाणी आहेत की गाळलीत, तुम्हाला कळायला मार्ग नसतो.

तर डिस्क वाचायला बसू या. आधी मऊ कापडाने पुसायची, मधून कडेकडे सरळ रेषेत. गोल फिरवून पुसलं आणि ओरखडा उठला तर तो माहितीच्या वाटेबरोबर लांबवर धावतो, सरळ उठला तर वाट फक्त ओलांडतो, आणि तेवढी चूक ड्राइव्ह स्वतः दुरुस्त करू शकतो.

पहिल्या प्लेस्टेशनच्या डिस्कची नेहमीची ‘आयएसओ’ प्रत काढू नका. सीडीवरचा प्रत्येक सेक्टर, म्हणजे माहितीचा एक कप्पा, २,३५२ बाइटचा असतो. आयएसओ त्यातले २,०४८ बाइट उचलते आणि बाकीचे सोडून देते. खेळातले व्हिडिओ आणि संवाद मात्र बऱ्याचदा अशा सेक्टरमध्ये असतात जिथे २,३२४ बाइट कामाचे असतात. ते कापले गेले की खेळ सुरू होतो, मेनू दिसतो, आणि पहिल्याच चलच्चित्राला अडकतो. शिवाय पार्श्वसंगीत कित्येक डिस्कवर साध्या ऑडिओ सीडीसारखं वेगळ्या ट्रॅकमध्ये असतं, ते आयएसओत मावतच नाही. म्हणून ‘बिन’ आणि ‘क्यू’ अशी जोडी काढायची. बिन फाइल म्हणजे डिस्क जशीच्या तशी. क्यू फाइल नोटपॅडमध्ये उघडून बघा, चार-दोन ओळींची अनुक्रमणिका असते: पहिला ट्रॅक माहितीचा, सुरुवात शून्य मिनिट शून्य सेकंद, दुसरा ट्रॅक संगीताचा, सुरुवात अमुक. पहिल्याच ओळीत बिन फाइलचं नाव असतं. फाइलचं नाव तुम्ही बदललं आणि ही ओळ बदलायची राहिली की एम्युलेटर म्हणतो खेळ सापडत नाही. रात्र रात्र याच्यामागे घालवलेली माणसं मला भेटली आहेत.

युरोपात निघालेल्या काही खेळांत आणखी एक खोच आहे. लिबक्रिप्ट नावाचं संरक्षण डिस्कच्या उपवाहिनीत, म्हणजे सेक्टरच्या सोबत धावणाऱ्या बारीकशा पट्टीत, मुद्दाम चुकीचे आकडे ठेवतं. बिन फाइलमध्ये ते येत नाहीत, त्यांच्यासाठी वेगळी छोटी फाइल लागते.

प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीला यातलं काही नाही. तिथे आयएसओ खुशाल काढा. फक्त निळ्या तळाची डिस्क दिसली तर ओळखा की ही सीडी आहे, आणि तिला बिन-क्यूचीच रीत लावा.

ड्राइव्हचा वेग कमी ठेवा. खराब जागी ड्राइव्ह थबकतो, मागे जातो, पुन्हा घरघरतो. तो आवाज ऐकताना जीव खालीवर होतो खरा, पण त्याला वेळ द्या. ‘चुका दुर्लक्षित करा’ अशी खूण असेल तर ती काढा. तिच्यामुळे प्रत पूर्ण झाल्यासारखी दिसते आणि न वाचलेल्या जागी शून्यं भरली जातात. मग दुसऱ्यांदा वाचा आणि दोन्ही प्रतींचा एसएचए-१ काढून बघा. ही फाइलच्या बोटांचे ठसे घेण्याची रीत आहे. एक बाइट इकडचा तिकडे झाला तरी सगळा आकडा बदलतो. दोन्ही आकडे जुळले की रीडम्प या प्रकल्पाच्या यादीत तोच आकडा शोधा. तिथे जगभरच्या लोकांनी आपापल्या डिस्कचे ठसे नोंदवून ठेवलेत. एखादा संगीताचा ट्रॅक जुळला नाही तर लगेच खचू नका. प्रत्येक ड्राइव्ह ऑडिओ थोडा आधी किंवा नंतरपासून वाचायला लागतो, तेवढ्या फरकाने आकडा बदलतो. माहितीचा ट्रॅक मात्र जुळायलाच हवा.

प्रत जागा फार खात असेल तर ‘सीएचडी’ प्रकारात आवळून ठेवा. त्यात काही हरवत नाही आणि हवी तेव्हा मूळ फाइल परत मिळते. गाणी, व्हिडिओ कमी दर्जाचे करून फाइल छोटी करणारे जुने प्रकार मात्र टाळा.

आता एम्युलेटर. पहिल्या प्लेस्टेशनसाठी डकस्टेशन, प्लेस्टेशन २ साठी पीसीएसएक्स२. दोन्ही त्यांच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्या. बायोसचा फोल्डर दाखवा, खेळांचा फोल्डर दाखवा, कंट्रोलर जोडून बटणं नेमून द्या. झालं. पहिल्यांदा खेळ मूळ रेझोल्यूशनवरच चालवा. तो तसा सुरळीत चालला तरच पुढे तिप्पट, चौपट करा. म्हणजे काही बिघडलं तर कशाने बिघडलं ते कळतं. चित्र ४:३ मध्येच ठेवा. रुंद पडद्यावर ताणलं की माणसं बुटकी नि जाड दिसतात, आणि चित्रकाराने त्यांना तसं काढलेलं नव्हतं. युरोपातली प्रत असेल तर ती सहसा सेकंदाला ५० चित्रांवर चालते. ६० च्या पडद्यावर ती अधूनमधून अडखळते, तो एम्युलेटरचा दोष समजू नका.

कंट्रोलरबद्दल एकच गोष्ट. प्लेस्टेशन २ ची बहुतेक बटणं दाबाचं प्रमाण ओळखत. एका गाजलेल्या हेरगिरीच्या खेळात बंदूक रोखल्यावर बटण अलगद सोडलं तर गोळी न सुटता बंदूक खाली येते. आजच्या बहुतेक कंट्रोलरना ‘दाबलं’ आणि ‘सोडलं’ एवढंच कळतं, मग प्रत्येक वेळी गोळी सुटते आणि पहारेकरी धावून येतात. पीसीएसएक्स२ मध्ये दाब कमी करणारं एक जादा बटण नेमता येतं. ते नेमाच. बटणाच्या त्या अर्ध्या दाबातसुद्धा कुणाचं तरी कसब आहे.

शेवटी मेमरी कार्ड, आणि इथे मी कळवळून सांगतो. ‘सेव्ह स्टेट’ म्हणजे एम्युलेटरने त्या क्षणाचा घेतलेला फोटो. सोयीचा आहे, पण एम्युलेटरची आवृत्ती बदलली की तो उघडेलच याची खात्री नाही. मी एका मोठ्या खेळाची सगळी वाटचाल फक्त स्टेटमध्ये ठेवली होती. नवी आवृत्ती घेतली आणि तिने एकही स्टेट उघडलं नाही. तेव्हापासून खेळातल्या खेळात, मेमरी कार्डावर सेव्ह केल्याशिवाय मी उठत नाही. कार्डाची फाइल कुठल्याही आवृत्तीत चालते.

आणि तुमची जुनी, खरीखुरी कार्डंही संगणकात आणता येतात. पहिल्या प्लेस्टेशनचं कार्ड १२८ केबीचं, १५ कप्प्यांचं. प्लेस्टेशन २ चं ८ एमबीचं. ज्या घरगुती प्रोग्रामच्या सोयीने बायोस काढला त्याच वाटेने यूएसबीवर सेव्हही उतरतात. डिस्क हजारोंनी छापल्या गेल्या, दुसऱ्या कुणाकडे तरी तशीच असेल. कार्डावरचं मात्र जगात एकच असतं.

दिवे जरा मंद करता का? हे पीसीएसएक्स२, डिस्क न घालता फक्त बायोस सुरू केलाय. निळसर धुकं, तोच आवाज. ‘ब्राउझर’ मध्ये जातो. हे माझं कार्ड, गेल्या महिन्यात उतरवलेलं. हे बघा, प्रत्येक सेव्हचं छोटं चित्र जागच्या जागी हलतंय. या शेवटच्या चित्रावर येतो. खाली तारीख दिसेल. हा सेव्ह माझ्या धाकट्या भावाने केला होता, शेवटच्या लढाईच्या दारात. ती लढाई आमची राहूनच गेली. तो आज मागच्या रांगेत बसलाय. ये रे पुढे, दुसरा कंट्रोलर जोडून ठेवलाय.