एक तारखेचा शुक्रवार

(दृश्य: मेणबत्तीच्या उजेडात उघडी डायरी. पानावर फक्त तारीख, वार नाही.)

२२ सप्टेंबर, गुरुवार. शायर नावाच्या हिरव्यागार, काल्पनिक मुलखात बिल्बो बॅगिन्स नावाच्या हॉबिटाचा (हॉबिट म्हणजे माणसासारखीच, पण बुटकी जमात) एकशे अकरावा वाढदिवस आहे. मैदानात तंबू ठोकलेत, पंगती बसल्यात.

आता १७ वर्षं पुढं जाऊ. तारीख तीच. बिल्बोचा वारस फ्रोडो आज पन्नाशीचा झाला. आणि वार? पुन्हा गुरुवारच.

योगायोग वाटेल. आपल्याकडेही तारीख-वार असे अधूनमधून जुळतात. पण शायरमध्ये २२ सप्टेंबरला दरवर्षी गुरुवारच असतो. याचं कारण वाचकाला कळलं ते १९५५ साली, 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीचा तिसरा खंड आला तेव्हा. त्याच्या शेवटी लेखक जे. आर. आर. टॉल्कीन यांनी एक आख्खं परिशिष्ट दिलंय, फक्त कालगणनेचं. कथा संपली म्हणून पुस्तक मिटणाऱ्यांची ही पानं हुकतात, आणि मला त्याची खरोखर हळहळ वाटते.

(दृश्य: कोरा कागद. एकेक चौकट आखली जातेय.)

हिशेब बोटांवर करता येईल इतका सोपा आहे. महिने बारा, प्रत्येक बरोबर ३० दिवसांचा. झाले ३६०. उरले पाच. हे पाच दिवस कुठल्याच महिन्यात नाहीत. दोन ऐन हिवाळ्यात, यूल नावाच्या सणाचे: एक सरत्या वर्षाचा शेवटचा, दुसरा नव्या वर्षाचा पहिला. तीन ऐन उन्हाळ्यात. त्या तिघांमधला मधला म्हणजे मध्यवर्षाचा दिवस, आणि सगळी गंमत या एका दिवसात आहे. त्याला वारच नाही. तो सोमवारही नाही आणि मंगळवारही नाही, नुसताच सणाचा दिवस.

३६५ मधून तो एक वगळा. ३६४ राहतात. म्हणजे नेमके ५२ आठवडे, एक दिवस कमी नाही की जास्त नाही. त्यामुळे शायरचं वर्ष कायम शनिवारी उजाडतं आणि शुक्रवारी मावळतं. लीप वर्षात एक दिवस वाढतो, तोही मध्यवर्षाच्या दिवसाला लागून आणि तोही बिनवाराचा. त्या दिवशी तर हॉबिटांच्या आनंदाला उधाण येतं. कॅलेंडर एकदा भिंतीवर लावलं की जन्मभर बदलायला नको! म्हणूनच हॉबिट पत्रात, डायरीत वार लिहीत नाहीत. गरजच काय? हां, ब्री गावाच्या पलीकडं प्रवासाला निघालं, की मात्र घोटाळा.

आता प्रत्येक महिन्याची एक तारीख बघा. रविवार, मंगळवार, गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार. उन्हाळ्याचा सण झाला की पुन्हा रविवारपासून तोच क्रम. शुक्रवार कुठंच नाही. आणि म्हणून हॉबिटांच्या तोंडी एक वाक्प्रचार बसला: 'एक तारखेच्या शुक्रवारी'. म्हणजे कधीच नाही. झाडं चालायला लागतील, त्या दिवशी.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा कागद-पेन्सिल घेऊन बाराही महिने मांडून बघितले. आधी गणित बसवायचं, मग त्या गणितातून लोकांची बोली उगवू द्यायची, ही कल्पकता मला युद्धांच्या वर्णनांहून मोठी वाटते. कारण भाषा अशीच घडते. आपण 'दुष्काळात तेरावा महिना' म्हणतो, ते आपल्या पंचांगात तेरावा महिना खरोखर येतो म्हणून. चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं, ऋतूंच्या मागं दरवर्षी अकराएक दिवस पडणारं. ती तूट भरायला अधिक महिना.

(दृश्य: उत्तर इंग्लंडमधल्या जुन्या मठाच्या दगडी भिंती.)

आणि गंमत बघा, असाच तेरावा महिना प्राचीन इंग्लंडमध्येही होता. जॅरोच्या मठातल्या बीड नावाच्या साधूनं ७२५ साली कालगणनेवर लॅटिनमध्ये ग्रंथ लिहिला. त्यात त्यानं आपल्या पूर्वजांचे चंद्रावर चालणारे महिने नोंदवले. उन्हाळ्यात दोन महिने एकाच नावाचे: लिथा आणि लिथा. ज्या वर्षी अधिक महिना यायचा, त्या वर्षी तिसरा लिथा. आपल्याकडं अधिक श्रावण आणि निज श्रावण असतात, तसाच प्रकार. ऑगस्टचं नाव शेतातल्या तणावरून. मे महिन्याचं नाव थ्रिमिल्की, कारण तेव्हा गाई दिवसातून तीनदा पिळायच्या. गोठ्यातलं काम थेट महिन्याच्या नावात आलं.

टॉल्कीन १९२५ पासून ऑक्सफर्डमध्ये प्राचीन इंग्रजीचे प्राध्यापक. हे महिने त्यांच्या रोजच्या अभ्यासातले. शायरमध्ये थ्रिमिल्की झिजून थ्रिमिज झाला, लिथाचा लिथ झाला आणि उन्हाळ्यातल्या सणाच्या दिवसांना ते नाव मिळालं. शेकडो वर्षं शेतकऱ्यांच्या तोंडात घोळल्यावर शब्द जसा गुळगुळीत होतो, तसे त्यांनी हे शब्द स्वतः झिजवले. मात्र तेराव्या महिन्याच्या जागी एकच जादा दिवस ठेवला. शायरचं कॅलेंडर सूर्याचं. महिन्यांचा चंद्राशी संबंध तुटला.

(दृश्य: खिडकीबाहेर चंद्र. टेबलावर हस्तलिखिताचे गठ्ठे.)

चंद्र कॅलेंडरातून गेला, पण आभाळात राहिलाच. मे १९४४. महायुद्ध चालू, मुलगा ख्रिस्तोफर हवाई दलात, दक्षिण आफ्रिकेत. त्याला टॉल्कीन पत्रातून कळवतात, की कथेतल्या चंद्रानं भलताच घोळ घातलाय. फ्रोडो एकीकडं, त्याचे साथीदार दुसरीकडं, आणि एकाच वेळी चंद्र इथं उगवतोय, तिथं मावळतोय. छापून आल्यावर किती जणांच्या हे लक्षात आलं असतं? त्यांनी मागची प्रकरणं पुन्हा काढली आणि चंद्र जागेवर बसेपर्यंत तुकडे नव्यानं लिहीत गेले. ती आख्खी दुपार त्यात गेली.