दृष्टांत आणि दुखणं

नमस्कार श्रोतेहो.

सहाशे वर्षांपूर्वी इंग्लंडमधल्या लिन या बंदरात मार्जरी केंप नावाची बाई राहत होती. पहिल्या बाळंतपणानंतर तिचं भान सुटलं. तोंडात ज्वाळा धगधगणारी भुतं तिला दिसायची. नवऱ्याला, आप्तांना ती वाटेल ते बोलायची. स्वतःचा हात तर असा चावला की वण जन्मभर राहिला. जिवाचं बरंवाईट करील म्हणून तिला रात्रंदिवस बांधून ठेवलं. सहा महिन्यांहून जास्त काळ हे चाललं. मग एकदा जांभळ्या रेशमी वस्त्रातला ख्रिस्त खाटेच्या कडेवर बसलेला तिला दिसला आणि ती ताळ्यावर आली. आल्या आल्या तिनं मागितलं काय? कोठीच्या किल्ल्या! देऊ नका, असं दासी सांगत होत्या, नवऱ्यानं दिल्या.

बाळंतपणानंतरचा मनोविकार, असं निदान आज डॉक्टर करतील. लक्षणं जुळतात, मान्य. पण पुढे ती जेरुसलेमपर्यंत यात्रा करून आली, यॉर्कच्या आर्चबिशपच्या चौकशीत त्यालाच सुनावून आली, आणि स्वतःची कहाणी सांगून लिहवून घेतली. तो सगळा आजारच म्हणायचा का?

त्या काळी दृष्टांत खरा की खोटा, याचा निवाडा धर्मपीठाकडे असे, आणि तो फिरेही. देववाणी ऐकू येते म्हणणाऱ्या फ्रान्सच्या जोन ऑफ आर्कला 1431 मध्ये जाळलं, 1456 मध्ये तो निकाल रद्द झाला, 1920 मध्ये ती संत ठरली.

स्पेनच्या संत तेरेसाला स्वतःला साक्षात्कार होत. तरीही आठ-आठ तास समाधी लागणाऱ्या बाईबद्दल तिचा सल्ला काय, तर तिला जेवू घाला, झोपू द्या, तप कमी करा! डॉक्टरही याहून वेगळं काय सांगणार?

एकोणिसाव्या शतकात निवाडा दवाखान्यात गेला. पॅरिसच्या साल्पेत्रिएर रुग्णालयात शार्को हे डॉक्टर हिस्टेरियाच्या रुग्ण बायकांना भर सभेत झटके आणून दाखवत. त्या बायकांच्या ‘भावसमाधी’चे फोटो निघत. 1887 मध्ये तर शार्कोंनी जुन्या चित्रांतल्या भूतबाधा झालेल्यांमध्येही हिस्टेरिया शोधला.

त्याच रुग्णालयात 1896 मध्ये मादलेन या टोपणनावानं ओळखली जाणारी बाई आली. ती चवड्यांवर चालायची, अंगावर क्रुसावरच्या ख्रिस्तासारख्या जखमा उमटायच्या. पिएर जाने या मनोविकारतज्ज्ञांनी तिला वर्षानुवर्षं तपासलं. त्यांच्या लेखी तो आजारच होता. पण 1926 पासून छापलेल्या त्यांच्या ग्रंथात तिचं स्वतःचं लिखाण भरपूर आहे. शार्कोंच्या फोटोंपेक्षा मला ते जास्त मोलाचं वाटतं.