बाउहाउस: मोकळ्या जागेतलं संगीत

नमस्कार श्रोतेहो. आज बोलायचंय इंग्लंडमधल्या नॉर्दम्प्टनच्या बाउहाउस या बँडविषयी. 1978 च्या अखेरीस चौघं एकत्र आले आणि 5 जुलै 1983 ला लंडनच्या हॅमरस्मिथ पॅलेमध्ये त्यांचा निरोपाचा कार्यक्रम झाला. गायक पीटर मर्फी, गिटारवर डॅनियल ॲश, बेस गिटारवर डेव्हिड जे आणि ड्रमवर डेव्हिडचा धाकटा भाऊ केव्हिन हॅस्किन्स.

गॉथिक रॉकचा, म्हणजे काळोख्या, उदास वळणाच्या रॉक संगीताचा उगम सांगताना बहुतेक जाणकार यांच्या पहिल्याच गाण्यापाशी येतात. 'बेला लुगोसीज डेड' (लुगोसी म्हणजे जुन्या सिनेमात ड्रॅक्युला रंगवणारा नट) हे गाणं 26 जानेवारी 1979 ला वेलिंगबरोच्या बेक स्टुडिओत ध्वनिमुद्रित झालं. चौघांना एकत्र येऊन तेव्हा दोन महिनेही झाले नव्हते. गाणं साडेनऊ मिनिटांचं, म्हणून तबकडी बारा इंची. सात इंची तबकडीच्या एका बाजूवर खणखणीत आवाजात चार-पाच मिनिटंच मावतात. त्याहून जास्त कोंबलं की खाचा जवळ येतात, आवाज दाबावा लागतो आणि पहिला मार बसतो तो खर्जाला. हे गाणं तर उभंच आहे बेसवर.

हेडफोन लावून ऐका. आधी ड्रमचा कोरडा खटका आणि त्याचे विरत जाणारे प्रतिध्वनी. मग पायरी-पायरीने खाली उतरणारा बेस. गिटार तर सूर धरण्यापेक्षा खरवडतेच जास्त. दोन मिनिटं उलटली तरी गायकाचा पत्ता नाही! ठेक्यात बोसा नोव्हा या ब्राझिलियन संगीताची झाक आहे, म्हणून इतकं काळवंडलेलं गाणंही डुलतं.

नक्कल करणारे इथेच फसतात. ते सगळ्याच वाद्यांवर इको चढवतात आणि सारा चिखल होतो. प्रतिध्वनीचं अंतर यंत्रावर एकदा ठरलं की ते बदलत नाही. ड्रमर जरा जरी पळाला तरी आधीच्या ठोक्याचा प्रतिध्वनी पुढच्या ठोक्यावर आदळतो. म्हणून लय ठाम हवी आणि बाकीच्यांनी हात आवरायला हवा. विशीच्या आसपासच्या पोरांना हा संयम पहिल्याच मुद्रणात साधला, याचं आजही नवल वाटतं.

1980 चा पहिला अल्बम 'इन द फ्लॅट फील्ड' त्यांनी स्वतःच निर्मित केला. समीक्षकांनी झोडपलं. पुढच्या वर्षीच्या 'मास्क'मध्ये नाचरा ठेका शिरला. प्रसिद्ध इंग्लिश रॉक गायक बोवीची नक्कल करतात, हा आरोप पाठ सोडेना, तेव्हा 1982 मध्ये त्यांनी बोवीचंच 'झिगी स्टारडस्ट' वाजवलं आणि ते ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत पंधराव्या क्रमांकापर्यंत गेलं.

पण चौथ्या अल्बमच्या वेळी मर्फीला न्यूमोनिया झाला. तो नसताना बाकीच्यांनी काम पुढे नेलं, काही गाणी ॲश आणि डेव्हिडनेच गायली. गायकाशिवाय अल्बम आकाराला येतोय हे दोन्ही बाजूंना दिसलं आणि आधीपासूनचा ताण तुटेपर्यंत गेला. 'बर्निंग फ्रॉम द इनसाइड' बाजारात आला तेव्हा बँड फुटलेला होता.

तिघं पुढे 'लव्ह अँड रॉकेट्स' म्हणून जमले, मर्फी एकटा गात राहिला. नव्याने ऐकणाऱ्यांनी लुगोसीनंतर थेट 'मास्क' लावावा. 'फ्लॅट फील्ड' फार कर्कश आहे, तो कान तयार झाल्यावर.