कोक: झोतभट्टीचा सांगाडा

(दृश्य: काळ्या पार्श्वभूमीवर कोकचा एकच तुकडा. कॅमेरा सावकाश जवळ जातो.)

हा कोकचा तुकडा, म्हणजे हवा लागू न देता भाजलेला दगडी कोळसा. मुठीत मावेल एवढा. दगडी कोळशासारखा काळाकुळकुळीत नाही. राखाडी आहे आणि प्रकाशात धरला की रुपेरी चमकतो. अंगभर बारीक छिद्रं आहेत. दुसऱ्या तुकड्यावर आपटला की खणखणीत वाजतो. आवाज बद्द आला किंवा एखादं टोक काळं, मऊ राहिलेलं दिसलं, तर कोळसा पुरता भाजला गेलेला नाही, हे कोक ओव्हनवर काम करणारा माणूस हातात घेताक्षणीच सांगतो.

झोतभट्टी म्हणजे खालून हवेचा झोत फुंकून लोहखनिजापासून लोखंड काढणारी उंच भट्टी. तिथे एक टन लोखंड तयार करायला साधारण ३५० ते ५०० किलो कोक लागतो. तो तिथे चार कामं करतो. उष्णता देतो. लोहखनिजातला ऑक्सिजन ओढून घेणारा वायू देतो. लोखंडात कार्बन उतरवतो. आणि चौथं काम: खनिज वितळून खाली ठिबकत असताना स्वतः न वितळता, वरचा सगळा भार अंगावर घेऊन उभा राहतो. पहिल्या तीन कामांत त्याला मदतनीस मिळाले. चौथ्या कामात आजही मिळालेला नाही.

(दृश्य: जुन्या, बुटक्या झोतभट्टीचं रेखाचित्र.)

पूर्वी झोतभट्टीत लाकडापासून केलेला लोणारी कोळसा जाळत. त्यात राख कमी, गंधक तर जवळजवळ नाहीच. पण तो ठिसूळ. वरून भार वाढला की त्याचा चुरा होतो आणि हवेची वाट बुजते. त्यामुळे भट्टीची उंची एका मर्यादेपलीकडे नेता येत नसे. दगडी कोळसा थेट टाकावा, तर तो तापल्यावर मऊ होऊन चिकटतो, डांबर सोडतो, आणि त्यातलं गंधक लोखंडात शिरतं. असं लोखंड लाल करून ठोकलं की तडकतं. १७०९ साली इंग्लंडमध्ये कोलब्रुकडेल इथे अब्राहम डार्बी यांनी कोकवर झोतभट्टी चालवून दाखवली. पुढे १८२८ मध्ये जेम्स बोमाँट नीलसन यांनी भट्टीत तापवलेली हवा फुंकण्याचं पेटंट घेतलं आणि इंधनाची मोठी बचत झाली. भट्ट्या उंच होत गेल्या, त्या कोकच्या बळावर.

(दृश्य: कोळशाचे ढीग, पट्ट्यावरून जाणारा कोळसा.)

प्रत्येक दगडी कोळशाचा कोक होत नाही. हवा लागू न देता तापवल्यावर जो साधारण ३५० अंश सेल्सिअसला मऊ पडतो, लगदा होऊन फुगतो आणि ५०० अंशांच्या आसपास पुन्हा घट्ट होतो, तो कोकिंग कोळसा. या दीडशे अंशांतच कण एकमेकांत मिसळतात आणि छिद्रांच्या भिंती घडतात. हे साध्या चाचणीतही दिसतं. झाकण लावलेल्या मुशीत १ ग्रॅम बारीक कोळसा तापवायचा. चांगला कोळसा फुगून त्याची गोटी बनते. न चिकटणाऱ्याची भुकटीच राहते.

एकाच खाणीच्या कोळशावर सहसा भागत नाही. ज्यात बाष्पशील द्रव्य, म्हणजे तापवल्यावर वायू होऊन उडून जाणारा भाग, जास्त, तो छान वितळतो, पण त्याचा कोक कमकुवत आणि भेगाळ निघतो. ज्यात ते कमी, तो मजबूत कोक देतो, पण तापताना फुगून ओव्हनच्या भिंतींवर जोर देतो. म्हणून मिश्रण करतात आणि त्यातलं बाष्पशील द्रव्य साधारण २४ ते २८ टक्क्यांत ठेवतात. राखेवर तर डोळ्यात तेल घालून लक्ष ठेवावं लागतं, कारण कोळशातलं बाकी बरंच काही उडून जातं, राख मात्र सगळी मागे उरते. एक टन कोळशापासून साधारण ७५० किलो कोक मिळतो. म्हणजे कोळशात ९ टक्के राख असेल, तर कोकमध्ये ती १२ टक्के होते.

कोळसा दळताना ८० ते ९० टक्के भाग ३ मिलिमीटरपेक्षा बारीक हवा. त्यात दगडाची मोठी कणी राहिली, तर कोक आकसताना नेमकी तिच्याभोवतीच भेग पडते. आणखी एक गोष्ट, जिच्याकडे हमखास दुर्लक्ष होतं: कोळसा उघड्यावर फार दिवस पडला की हवेतल्या ऑक्सिजनने त्याचा चिकटण्याचा गुण कमी होतो. मिश्रण कागदावर तेच असतं, कोक मात्र कच्चा निघतो. आधी आलेला कोळसा आधी वापरावा, हा नियम म्हणूनच मोडायचा नसतो.

(दृश्य: कोक ओव्हनची बॅटरी. एकाला एक लागून उभी, अरुंद दारं.)

ही कोक ओव्हनची बॅटरी, म्हणजे एकाला एक लागून उभ्या ओव्हनची रांग. ओव्हन म्हणजे इथे एक उभी, अरुंद खोली: रुंदी जेमतेम अर्धा मीटर, लांबी १५ मीटरच्या आसपास आणि उंची ४ ते ७ मीटर. मोठ्या ओव्हनमध्ये एका वेळी ३० टनांच्या आसपास कोळसा मावतो. दोन ओव्हनमधल्या भिंतीत वायू जळतो आणि तिथलं तापमान १२०० ते १३०० अंशांवर राहतं. कोळशाला ज्योत कधीच लागत नाही; त्याला भिंतीतून आच मिळते.

वरच्या छिद्रांतून कोळसा आत पडतो, दारं बंद होतात. भिंतीलगतचा थर आधी मऊ होतो. मग तो मऊ थर दोन्ही बाजूंनी हळूहळू मध्याकडे सरकतो. त्याच्या मागे कोक, पुढे अजून ओलसर कोळसा. काही तासांनी दोन्ही थर मधोमध भेटतात. त्या वेळी आतला वायूचा दाब सर्वांत जास्त असतो. कोक बाहेर पडतो तेव्हा त्याच्या लादीच्या बरोबर मधून जी उभी फट दिसते, ती या भेटीची खूण. त्यानंतरही तापवणं थांबत नाही. मधला भाग १००० अंशांपर्यंत पोहोचला पाहिजे. शेवटच्या टप्प्यात हायड्रोजन निघून जातो, कोक आकसतो आणि भिंतीपासून सुटतो. एकूण वेळ साधारण १६ ते २० तास.

आकसला नाही तर? एका बाजूने पुशर यंत्राचा दांडा आत शिरतो आणि कोकची अख्खी लादी दुसऱ्या दारातून बाहेर ढकलतो. लादी भिंतीला धरून बसली असेल, तर दांड्यावरचा भार एकदम चढतो. अशा वेळी जोर लावून रेटणं ही सर्वांत महागात पडणारी चूक. या भिंती सिलिका विटांच्या असतात. वाकल्या, फुटल्या की शेजारचा ओव्हनही धोक्यात येतो. थांबायचं, दारं लावायची, आणखी भाजू द्यायचं, गरज पडली तर तोंडाकडचा कोक हाताने काढायचा. याच विटांमुळे बॅटरी एकदा तापवली की तिला वर्षानुवर्षं गरमच ठेवावं लागतं. थंड होताना सिलिकाच्या स्फटिकांची रचना बदलते, आकारमान बदलतं आणि विटा तडकतात. मागणी कमी आहे म्हणून बॅटरी बंद करून ठेवली, असं इथे होत नाही.

दारातून किंवा झाकणातून पिवळसर धूर निघत असेल, तर ती गळती आहे. त्या धुरात डांबराची वाफ, बेंझीन आणि कर्करोग घडवणारी संयुगं असतात. दाराच्या कडेवर साचलेलं डांबर प्रत्येक वेळी खरवडणं हे कंटाळवाणं काम आहे, पण तिथल्या कामगाराच्या फुप्फुसांचा प्रश्न त्यावर अवलंबून असतो. त्यात सवलत नसावी, असं आम्ही ठामपणे म्हणतो.

बंदिस्त राहिलेला वायू नळांतून पुढे जातो. त्यातून डांबर, अमोनिया, बेंझॉल वेगळं काढतात. उरलेल्या वायूत निम्म्याहून जास्त हायड्रोजन आणि साधारण पाव हिस्सा मिथेन असतो. तोच बॅटरी तापवायला आणि कारखान्यातल्या इतर भट्ट्यांना वापरतात.

(दृश्य: लाल कोकची लादी कोसळते. वाफेचा लोट.)

बाहेर पडलेला कोक लालबुंद असतो. तसाच ठेवला तर हवेत जळून जाईल. म्हणून लगेच पाण्याच्या माऱ्याखाली नेतात, किंवा बंद कोठीत नायट्रोजनसारखा निष्क्रिय वायू फिरवून कोरडाच थंड करतात. दुसरी पद्धत खर्चिक आहे, पण ती उष्णता वाफेच्या रूपाने परत देते आणि कोक कोरडा ठेवते. पाण्याने विझवलेल्या कोकमध्ये ३ ते ५ टक्के ओलावा राहतो, आणि तोही सारखा नाही. समजा, ओलाव्याचा अंदाज २ टक्क्यांनी चुकला. टनभर लोखंडामागे ४०० किलो कोक टाकतो आहोत असं आपण समजतो. त्यात ८ किलो पाणी निघालं. दिवसाला १०,००० टन लोखंड काढणाऱ्या भट्टीत हा ८० टन कोकचा खड्डा झाला. भट्टी थंड पडत जाते आणि कारण शोधायला तास निघून जातात.

कोक कसा झाला, याचा निकाल प्रयोगशाळेत लागतो. सुमारे २० मिलिमीटरचे तुकडे, एकूण २०० ग्रॅम. ११०० अंशांवर दोन तास त्यांच्यावरून कार्बन डायऑक्साइड सोडतात. किती वजन घटलं, ते पाहतात. मग उरलेले तुकडे पिंपात घालून ६०० फेरे फिरवतात आणि १० मिलिमीटरपेक्षा मोठे किती टक्के राहिले, ते मोजतात. मोठ्या झोतभट्टीसाठी हा आकडा ६० च्या पुढे हवा. भट्टीच्या पोटात जे घडणार, त्याचीच ही रंगीत तालीम आहे.

(दृश्य: झोतभट्टीचा उभा छेद. कोक आणि खनिजाचे आलटून पालटून थर.)

झोतभट्टीत वरून एक थर खनिजाचा, एक थर कोकचा पडतो. खालून ट्वियर नावाच्या तांब्याच्या तोट्यांतून ११०० ते १२०० अंशांची हवा शिरते. तोटीसमोर कोक जळतो. तिथली आच २००० अंशांच्या वर जाते. आधी बनलेला कार्बन डायऑक्साइड लगेच तापलेल्या कोकशी भिडून कार्बन मोनॉक्साइड होतो. हाच वायू वर चढताना खनिजातला ऑक्सिजन घेतो. वरून पडलेला माल तळाशी यायला सहा ते आठ तास लागतात. वायू मात्र काही सेकंदांत वर निघून जातो. एवढ्या थोड्या वेळात त्याला प्रत्येक ढेकळापर्यंत पोहोचायला मोकळी वाट हवी.

मध्यावर खनिज मऊ पडतं, चिकटतं आणि वायूला जवळपास अडवतं. तिथे फक्त कोकचे थर खिडक्यांसारखे उघडे राहतात. त्याच्याखाली तर घन पदार्थ एकच उरतो, कोक. वितळलेलं लोखंड आणि मळी, म्हणजे खनिजातला वितळलेला टाकाऊ भाग, त्याच्या फटींतून खाली गळतात, वायू त्याच फटींतून वर जातो. १९७० च्या सुमारास जपानमध्ये बंद होणाऱ्या काही झोतभट्ट्या पाणी सोडून होत्या तशा गोठवल्या आणि वरून थराथराने उकरल्या. कोक आणि खनिजाचे थर खोलवर तसेच सापडले, आणि त्याखाली कोकचा ढीग.

कोक कमजोर निघाला, तर फटींत चुरा भरतो. वायूचा दाब चढतो, माल अडकून राहतो आणि मग एकदम घसरतो. न तापलेलं खनिज थेट खाली पडतं. ट्वियरच्या मागे निळ्या काचेचा एक छोटा झरोका असतो. त्यातून नेहमी पांढऱ्या प्रकाशात नाचणारे कोकचे तुकडे दिसतात. तिथे काळी ढेकळं उतरताना दिसली की भट्टीवाल्याच्या पोटात गोळा येतो. खनिजाचा भार हलका करायचा, कोक वाढवायचा, हवा कमी करायची. उशीर झाला, तर तळाचं लोखंड गोठू शकतं.

याच ट्वियरमधून आता साधा, कोक न होणारा कोळसाही फुंकतात: बहुतांश ७५ मायक्रॉनपेक्षा बारीक दळून, टनभर लोखंडामागे १५० ते २०० किलोपर्यंत. एक किलो कोळसा साधारण ०.८ ते ०.९ किलो कोक वाचवतो. उष्णता आणि वायू, दोन्ही तो देतो. पण त्याला जळायला मिळतात काही मिलिसेकंद. सोबत ऑक्सिजन वाढवला नाही, तर न जळलेली काजळी कोकच्या फटींत जाऊन बसते. आणि कोक जितका कमी होतो, तितका उरलेला प्रत्येक तुकडा जास्त वेळ, जास्त भार सोसतो. म्हणजे कोळसा वाढवायचा, तर कोक आणखी चांगला लागतो.

(दृश्य: कन्व्हर्टरच्या तोंडातून उसळणारी ज्वाळा.)

भट्टीतून आलेल्या लोखंडात ४ टक्क्यांहून जास्त कार्बन विरघळलेला असतो. ते ठोकलं तर फुटतं. कन्व्हर्टर नावाच्या मोठ्या भांड्यात त्यावर २० मिनिटांच्या आसपास शुद्ध ऑक्सिजन फुंकला की कार्बन वायू होऊन बाहेर पडतो आणि पोलाद तयार होतं. कोकमधला कार्बन शेवटी हवेतच जातो. या मार्गाने एका टन पोलादामागे सुमारे २ टन कार्बन डायऑक्साइड निघतो. म्हणूनच पर्याय शोधणं थांबवता येत नाही.

हायड्रोजन खनिजातला ऑक्सिजन घेऊ शकतो. झोतभट्टीत तो फुंकून थोडा कोक वाचतोही. पण तो वायू आहे, भार पेलत नाही. त्यामुळे आमच्या मते खरा मार्ग वेगळ्या भट्टीचा आहे: खनिज न वितळवता, घन असतानाच वायूने त्याचं स्पंज आयर्न, म्हणजे सच्छिद्र घन लोखंड, करायचं. तिथे काही ठिबकत नाही, म्हणून सांगाडाही लागत नाही. मग ते विजेच्या भट्टीत वितळवायचं. तिथेही मळीला फेस आणून विजेची ज्योत (आर्क) झाकण्यासाठी थोडी कार्बनची पूड फुंकावी लागते, आणि ती पूड बहुतेक वेळा कोकचीच असते.