विंगर संपला नाही, तो तीस मीटर मागे गेला

मंडळी, पत्रिकेवर विषय छापलाय 'आधुनिक फुटबॉलमधला विंगर'. विषय मोठा आहे, वेळ पंचेचाळीस मिनिटांचा आहे आणि मला बोलायचंय ते एकाच माणसाबद्दल. स्पेनचा हेसुस नावास. हे नाव घेतलं की निम्मे लोक म्हणतात, अरे तो रिअल माद्रिदचा गोलरक्षक ना? नाही हो. तो केयलोर नावास, कोस्टा रिकाचा. इथेच कळतं की आपला माणूस किती उपेक्षित आहे. विश्वचषक एक, युरो दोन, नेशन्स लीग एक, आणि तरी लोक गोलरक्षकाशी गल्लत करतात.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो, कारण शेवटी घाई होणार हे मला माहीत आहे. टचलाइनला, म्हणजे मैदानाच्या कडेच्या लांब रेषेला चिकटून धावणारा आणि क्रॉस मारणारा, म्हणजे कडेवरून गोलसमोर चेंडू टाकणारा जुन्या पद्धतीचा विंगर संपला, असं गेली पंधरा वर्षं सगळे सांगतायत. तो संपला नाही. त्याची जागा फक्त मागे सरकली. आज तुम्ही त्याला फुल-बॅक म्हणता, म्हणजे बचावफळीतला कडेचा खेळाडू. नावासची कारकीर्द हा त्याचा पुरावा आहे. आता पुराव्याकडे जाताना थोडं वळण घेऊन जाऊ.

सेव्हियाच्या दक्षिणेला लोस पालासियोस नावाचं गाव आहे. टोमॅटोसाठी प्रसिद्ध. वस्ती चाळीस हजारांच्या आत. एवढ्याशा गावातून नावास आला, फाबियान रुइस आला, गावी आला. टोमॅटोत काय घालतात ते एकदा तपासायला हवं. नावासचा जन्म नोव्हेंबर १९८५ चा. सेव्हियाच्या पहिल्या संघात त्याला उतरवलं प्रशिक्षक होआकिन कापारोसने, नोव्हेंबर २००३ मध्ये, म्हणजे अठराव्या वर्षी. पुढे प्रशिक्षक म्हणून हुआंदे रामोस आला आणि उजव्या बाजूला एक जोडी जमली: मागे दानी आल्वेस, पुढे नावास. आत हेडरसाठी कानुते आणि लुईस फाबियानो. २००६ आणि २००७, लागोपाठ दोन युएफा कप, म्हणजे आजची युरोपा लीग. २००७ च्या अंतिम सामन्यात समोर एस्पान्योल होतं. गोव्याची मंडळी बसली आहेत म्हणून सांगतो, एफसी गोवाचा तुमचा लाडका कोरो तेव्हा एस्पान्योलकडे होता. तोही मुळात उजव्या बाजूने खेळणारा. २००६ मध्ये हंगामाच्या शेवटच्या सामन्यात, नव्वद मिनिटांनंतरच्या भरपाई वेळेत त्याने मारलेल्या गोलमुळे ते खालच्या विभागात जाता जाता वाचले. पुढे आयएसएलमध्ये लागोपाठ दोन हंगाम गोल्डन बूट नेला. असो, कोरोवर वेगळं व्याख्यान ठेवा, मी येतो.

आता माझी जुनी तक्रार. ११ जुलै २०१०, जोहान्सबर्ग, स्पेन विरुद्ध नेदरलँड्स. इनिएस्ताचा ११६ व्या मिनिटाचा गोल कोणाकोणाला आठवतो? बघा, सगळे हात वर. आता हात तसेच ठेवा आणि सांगा, ती चाल सुरू कुठून झाली? आले हात खाली. दोष तुमचा नाही. टीव्हीवर दाखवतात ती चित्रफीतच टोरेसच्या क्रॉसपासून सुरू होते. त्याआधीचा सगळा भाग कापलेला असतो, आणि जे कापलंय ते सगळं नावासचं आहे.

नीट बघू. त्या विश्वचषकात नावास तीनच सामन्यांत मैदानावर आला. स्वित्झर्लंडविरुद्ध बदली म्हणून. तो सामना स्पेन हरलं. होंडुरासविरुद्ध सुरुवातीपासून. तिथे स्पेनचा स्ट्रायकर व्हियाचा दुसरा गोल त्याच्याच पासवर झाला, आणि पेनल्टीही त्यालाच पाडल्याबद्दल मिळाली, ती व्हियाने बाहेर मारली. त्यानंतर बाद फेरीत थेट अंतिम सामन्यापर्यंत बाकावर. अंतिम सामन्यात साठाव्या मिनिटाला प्रशिक्षक देल बोस्केने पेद्रोला काढून त्याला आणलं. का आणलं? डच संघाचा डावा फुल-बॅक होता कर्णधार व्हॅन ब्रॉंकहोर्स्ट, वय पस्तीस, कारकिर्दीतला शेवटचा सामना. साठ मिनिटं धावलेल्या पस्तिशीच्या माणसासमोर ताज्या दमाचा, सरळ रेषेत पळणारा खेळाडू सोडायचा. अगदी साधा हिशेब. १०५ व्या मिनिटाला डचांना त्याच्या जागी ब्राफहाइडला आणावं लागलं. १०९ व्या मिनिटाला हायटिंगा लाल कार्डाने बाहेर गेला. मैदानाची रुंदी तीच, ६८ मीटर, आणि ती झाकायला गोलरक्षक सोडून नऊच माणसं. अशा वेळी एक जण जरी टचलाइनवर पाय रोवून उभा राहिला, तरी मधल्या फटी रुंदावतात.

११६ वं मिनिट. नावास आपल्याच अर्ध्या भागात उजव्या बाजूला चेंडू घेतो आणि निघतो. पास देत नाही. त्या स्पॅनिश संघात चेंडू घेऊन पळणं म्हणजे जवळजवळ बेशिस्तच! मध्यरेषा ओलांडतो, डच खेळाडू एकामागून एक त्याच्याकडे ओढले जातात. गर्दीत चेंडू सुटतो, पण सुटतो तो इनिएस्ताकडे. इनिएस्ता टाचेने फाब्रेगासला देतो. फाब्रेगास पुन्हा नावासकडे. तोवर डच संघ उजवीकडे लोटला गेलाय, म्हणून नावास चेंडू डावीकडे टोरेसकडे लोटतो. टोरेसचा क्रॉस व्हॅन डर वार्ट धड परतवू शकत नाही, चेंडू फाब्रेगासकडे, तिथून बॉक्समध्ये उजवीकडे मोकळ्या उभ्या इनिएस्ताकडे. आणि गोल. इनिएस्ता मोकळा का होता? डचांची माणसं आधी उजवीकडे आणि मग डावीकडे पळवली गेली होती म्हणून. आकडेवारीत गोल इनिएस्ताच्या नावावर, पास फाब्रेगासच्या नावावर. चाळीस-पन्नास मीटर चेंडू घेऊन पळण्याचा रकानाच नव्हता त्या तक्त्यात.

(कोणीतरी मागून म्हणतंय, त्याआधी डचांना कॉर्नर मिळायला हवा होता. बरोबर आहे. स्नायडरची फ्री किक स्पेनच्या माणसाला लागून बाहेर गेली होती आणि पंच हॉवर्ड वेबने गोल किक दिली. डच अजून विसरलेले नाहीत. पण तो आजचा विषय नाही.)

याच सामन्यात दुसऱ्या बाजूला कोण होता बघा. आर्येन रॉबेन. डावखुरा, पण खेळतो उजवीकडे. म्हणजे चेंडू घेऊन आत वळायचं आणि डाव्या पायाने गोलवर मारायचा. ६२ व्या मिनिटाला तो एकटा स्पेनचा गोलरक्षक कासियाससमोर आला होता, कासियासच्या पायाला लागून चेंडू बाहेर गेला. त्यानंतरच्या काळात सगळ्या जगाला रॉबेन हवा होता, नावास नको होता. कारण साधं आहे. आत वळणारा विंगर स्वतः गोल मारतो. बाहेरून जाणारा दुसऱ्याला मारायला देतो.

आता क्रॉसबद्दल, कारण 'नावासला क्रॉस मारता येत नाहीत' असं तो पुढे मँचेस्टर सिटीकडे गेल्यावर तिथे पुष्कळ बोललं गेलं. क्रॉस म्हणजे पाय फिरवला आणि चेंडू आत टाकला, इतकं सोपं नसतं. पूर्ण वेगात असताना शेवटचा स्पर्श चेंडूला दीड-दोन पावलं पुढे ढकलायचा, अंगालगत ठेवायचा नाही. ठेवला तर पाय फिरवायला जागाच उरत नाही. टेकलेला डावा पाय चेंडूच्या शेजारी, वीतभर अंतरावर. तो चेंडूच्या मागे राहिला तर अंग मागे झुकतं आणि चेंडू हवेत तरंगत गोलरक्षकाच्या हातात जातो. कंबर गोलच्या दिशेने वळवायची. कंबर वळली नाही तर चेंडू जवळच्या पहिल्याच बचावपटूला लागतो. जगातले बहुतेक क्रॉस इथेच मरतात. आणि आत कोण आहे हे मारताना नाही, शेवटच्या स्पर्शाच्या आधी बघायचं. मारताना मान वर केलीत की चेंडू चुकलाच.

बरं, प्रकारही वेगळे. बचावफळी अजून मागे पळत असताना पंचवीस-तीस मीटरवरून, गोलरक्षक आणि बचावपटूंच्या मधल्या पट्ट्यात जमिनीलगत जोरात मारलेला लवकरचा क्रॉस. गोलरेषेपर्यंत जाऊन मागे, पेनल्टीच्या ठिपक्याकडे वळवलेला पास. आणि लांबच्या खांबाकडे उचललेला. नावासचा हुकमी प्रकार पहिला. त्यासाठी आत कोणीतरी वेगाने धावत यावं लागतं, नाहीतर हेडर मारणारा हवा. कानुते होता तेव्हा क्रॉस 'चांगले' होते. आत कोणी नसेल तेव्हा तेच क्रॉस 'वाईट' ठरले. पाय तोच होता हो!

एक गोष्ट वगळता येणार नाही. तरुणपणी नावासला घर सोडलं की घबराटीचे झटके यायचे. संघाची शिबिरं, परगावचे लांबचे मुक्काम, सगळंच अवघड. त्यापायी राष्ट्रीय संघही लांबला आणि परदेशी क्लबही. त्याने उपचार घेतले, हळूहळू बाहेर राहायची सवय केली, आणि नोव्हेंबर २००९ मध्ये अर्जेंटिनाविरुद्ध माद्रिदला स्पेनकडून पहिला सामना खेळला. आठ महिन्यांनी जोहान्सबर्ग. तेव्हा खेळाडूच्या मनाबद्दल उघड बोलायची पद्धत नव्हती, स्पेनमध्येही नव्हती. त्याच्याबद्दल टवाळक्या झाल्या, तो बोलला नाही, खेळत राहिला.

२०१३ मध्ये हाच माणूस मँचेस्टर सिटीकडे गेला. पाऊस, थंडी, चार वर्षं. टॉटनहॅमविरुद्ध चौदाव्या सेकंदाला गोल. मिनिट नाही, सेकंद. सिटी तो सामना ६-० जिंकली. पहिल्याच हंगामात लीग, आणि लीग कपच्या अंतिम सामन्यातही गोल. मग प्रशिक्षक म्हणून गार्डिओला आला आणि २०१६-१७ मध्ये त्याने नावासला अधूनमधून उजव्या फुल-बॅकच्या जागी खेळवलं. लोक हसले. उन्हाळ्यात करार संपला, क्लबने त्याला जाऊ दिलं, आणि त्याच उन्हाळ्यात फुल-बॅकवर पैशांचा पाऊस पाडला. वॉकर, दानिलो, मेंदी. ज्या जागेचा शोध घरातच लागला होता, तीच जागा बाजारातून भरली.

चिठ्ठी आली, दहा मिनिटं. म्हणजे आता मुख्य मुद्दा, धावत धावत.

विंगर चेंडू घेतो तेव्हा त्याच्या पाठीला टचलाइन आणि अंगाला बचावपटू असतो. फुल-बॅकला तोच चेंडू तोंड पुढे असताना मिळतो, समोर वीस-तीस मीटर मोकळी जागा. तिशी ओलांडलेल्या खेळाडूचा पहिल्या दोन पावलांचा झपाटा कमी होतो, पण लांब पल्ल्याचा वेग आणि दम टिकतो. म्हणजे मागे सरकल्याने नावासचं जे उतरणीला लागलं होतं त्याची गरजच उरली नाही, आणि जे शिल्लक होतं तेच कामी आलं. पुढचा विंगर आत वळणारा असला की तो प्रतिस्पर्धी फुल-बॅकला आत ओढतो आणि बाहेरची पट्टी रिकामी होते. तिथे कोणीतरी जायलाच हवं. जातो तो फुल-बॅक, आणि तिथे पोहोचून तो करतो ते जुन्या विंगरचंच काम.

पुरावा एक. सेव्हिया, ऑगस्ट २०२०, युरोपा लीग, कोलोन. उपांत्य सामन्यात मँचेस्टर युनायटेडविरुद्ध विजयी गोल लुक डी यंगचा, क्रॉस नावासचा. अंतिम सामन्यात इंटरविरुद्ध बाराव्या मिनिटाला डी यंगचा सूर मारून हेडर, क्रॉस नावासचा. त्याच्या पुढे उजवीकडे होता डावखुरा सुसो, आत वळणारा.

पुरावा दोन. ९ जुलै २०२४, म्युनिक, युरोचा उपांत्य सामना, फ्रान्स. नेहमीचा उजवा फुल-बॅक कार्वाहाल निलंबित, म्हणून अडतीस वर्षांचा नावास एम्बापेसमोर. पुढे सोळा वर्षांचा लामिन यमाल. यमाल जन्मला तेव्हा नावासच्या खात्यात दोन युएफा कप जमा होते! तोटा लगेच दिसला. नवव्या मिनिटाला एम्बापेला क्रॉस मारायला जागा सोडली आणि कोलो मुआनीने हेडरने गोल मारला. अंतर राखावं तर क्रॉस येतो, जवळ जावं तर समोरचा खेळाडू बाजूने निसटतो. वेग कमी झाला की फुल-बॅकची हीच पंचाईत. पण २१ व्या मिनिटाला यमालने आत वळून डाव्या पायाने गोल मारला, आणि चारच मिनिटांनी नावासचा उजवीकडून क्रॉस, सालिबाने डोक्याने परतवला, तो ओल्मोकडे, गोल. एक आतून, एक बाहेरून.

पुरावा तीन नावासचा नाही, म्हणून जास्त महत्त्वाचा. बर्लिनच्या अंतिम सामन्यात कार्वाहाल परतला, नावास बाकावर. ८६ व्या मिनिटाचा विजयी गोल ओयारसाबालचा, आणि जमिनीलगतचा क्रॉस डावीकडून आलेला, डावा फुल-बॅक कुकुरेयाचा. त्या बाजूचा विंगर निको विल्यम्स उजव्या पायाचा. सूत्र तेच, बाजू बदललेली.

डिसेंबर २०२४ मध्ये कंबरेच्या सांध्याच्या दुखण्यामुळे नावास थांबला. सेव्हियासाठी ७०५ सामने, क्लबचा विक्रम. राखीव संघाच्या मैदानाला त्याचं नाव त्याआधीच, तो खेळत असतानाच दिलेलं होतं. तीन बचावपटूंच्या पद्धतीत विंग-बॅकचं, म्हणजे विंगर आणि फुल-बॅक दोघांचं काम एकट्याने करणाऱ्याचं काय होतं, हा भाग राहिला. अध्यक्ष उभे राहिलेत, तेव्हा त्याबद्दलचे प्रश्न खाली चहाच्या टेबलापाशी विचारा. आणि कोणी केयलोरबद्दल विचारणार असेल, तर त्याने कृपया दुसऱ्या टेबलावर जावं.