स्पॅनिश पडद्यावरची बघणारी मुलं

नमस्कार, श्रोतेहो. हुकूमशहा फ्रँकोच्या राजवटीत स्पॅनिश पडद्यावरचं मूल बहुधा गोंडस असायचं. गाणारं नाहीतर देवभोळं. १९५५च्या ‘मार्सेलिनो, पान इ विनो’तला मठात वाढलेला अनाथ मुलगा हा त्याचा ठळक नमुना. लोक रडले, सेन्सॉरची हरकत असण्याचं कारणच नव्हतं.

मग १९७३ साली व्हिक्तोर एरिसेचा ‘एल एस्पिरितु दे ला कोल्मेना’ आला. काळ १९४०चा, यादवी युद्ध नुकतंच संपलेलं. खेडेगावात फिरता सिनेमा येतो, ‘फ्रँकेन्स्टाइन’ लागतो आणि छोटी आना बहिणीला विचारते, राक्षसाने त्या मुलीला का मारलं? बहीण थापा मारते. आईबाप आपापल्या मौनात. युद्धाबद्दल उघड बोलायची सोय नव्हतीच. मुलाच्या भाबड्या प्रश्नाआडून एरिसेने ते सगळं आणलं.

आता त्या प्रसंगातला आनाचा चेहरा नीट बघा. तिचं काम करणारी लहानगी आना तोरेंत राक्षसाला तेव्हा पहिल्यांदाच पाहत होती. चित्रपट खरोखर लावलेला होता आणि छायाचित्रकार लुईस क्वाद्रादोने कॅमेरा हातात धरून तिची दचक टिपली. असा शॉट पुन्हा घेता येत नाही, कारण दुसऱ्या खेपेला पोरीला पुढचं ठाऊक असतं. बरं, पात्राचं नाव वेगळं ठेवलं की ती गोंधळायची. म्हणून आई, बाप, बहीण, सगळ्या पात्रांना नटांचीच नावं दिली!

हीच आना तोरेंत कार्लोस सौराच्या ‘क्रीआ क्वेर्बोस’मध्ये खाण्याच्या सोड्याला जालीम विष समजते आणि लष्करी अधिकारी असलेला बाप आपणच मारला, असं धरून चालते. चित्रीकरण १९७५चं, त्याच नोव्हेंबरात फ्रँको वारला. इथलं मूल निरागस नाही, आणि मला सौरा एरिसेपेक्षाही धीट वाटतो.

पुढे मात्र मोठ्या डोळ्यांचं गप्प मूल हा हुकमी साचाच झाला. युद्ध दाखवायचंय? उभं करा एक पोर खिडकीत. कार्ला सिमोनने २०१७च्या ‘एस्तिउ १९९३’मध्ये तो मोडला. तिची फ्रीदा आईवेगळी आहे, पण हट्टी आहे, मत्सरी आहे, धाकट्या मामेबहिणीला संकटात टाकते.

बघायला सुरुवात सिमोनपासून करा. तिथे इतिहासाची तयारी लागत नाही. एरिसेच्या आधी मात्र यादवी युद्धाबद्दल दोन पानं तरी वाचून घ्या, नाहीतर त्याच्या चित्रपटात गोठ्यात लपलेला जखमी माणूस कोण, हे कळायचं नाही.