सहा इंचांचा ओरखडा

मंडळी, पत्रिकेवर विषय छापलाय 'पाचवा हेन्री आणि अ‍ॅजिनकोर्टचे कैदी'. तिकडे जायचंच आहे. पण आधी मला बाणाबद्दल बोलू द्या. घरी कुणी ऐकत नाही.

२१ जुलै १४०३, श्रूसबरीची लढाई. पुढे इंग्लंडचा राजा होणारा हा हेन्री तेव्हा सोळा वर्षांचा युवराज, समोर बंडखोर हेन्री पर्सी, टोपणनाव हॉटस्पर. एक बाण नाकाशेजारून आत घुसला. काडी ओढली तर काडीच हातात आली. फाळ राहिला आत, सहा इंच खोल, कवटीच्या मागच्या हाडात. पोराला केनिलवर्थला नेलं आणि जॉन ब्रॅडमोर नावाच्या शस्त्रवैद्याला बोलावलं. त्याने ही हकिगत स्वतः लिहून ठेवलीय. वाचताना हात आपोआप नाकाकडे जातो. झाडाच्या वाळवलेल्या गाभ्याच्या सळया, कापडात गुंडाळून गुलाबी मधात बुडवलेल्या. एकीपेक्षा दुसरी जाड, असं करत जखम रुंदावली. मग एक बारीक पोकळ चिमटा घडवला, मधोमध स्क्रू. तो फाळाच्या पोकळीत सरकवला, पिळून घट्ट केला आणि हलवत हलवत फाळ बाहेर! जखम व्हाइट वाइनने धुतली. वीसेक दिवसांत भरली. क्लोरोफॉर्म यायला अजून साडेचारशे वर्षं होती, हे ध्यानात घ्या.

आता शेक्सपिअर, 'चौथा हेन्री' नाटकाचा पहिला भाग. बाप, म्हणजे राजा चौथा हेन्री, म्हणतो, रक्त फार जातंय, मागे फिर. युवराज म्हणतो, एवढ्याशा ओरखड्यासाठी? ओरखडा! मागे हसताय त्यांना कुणीतरी फूटपट्टी द्या. आणि लगेच जाऊन हॉटस्परला लोळवतो. खरा हॉटस्पर एकोणचाळिशीचा, युवराजाच्या बापापेक्षाही मोठा. नाटकात दोघं बरोबरीचे.

एका हौशी प्रयोगाच्या वेळी मी दिग्दर्शकाला म्हटलं, निदान गालावर एक व्रण रंगवा. तो म्हणाला, "सर, नायक आहे तो!" तिसऱ्या घंटेपर्यंत वाद घातला. रंगभूषाकार माझ्या बाजूने होता, पण त्याला विचारतो कोण.

चिठ्ठी आली. पाच मिनिटं. बरं, कैदी.

२५ ऑक्टोबर १४१५, फ्रान्समधलं अ‍ॅजिनकोर्ट. हेन्री आता राजा. चिखल, हगवणीने पोखरलेली इंग्रज फौज, तरी जिंकत आलेली. फ्रेंच पुन्हा चालून येतायत असं वाटलं आणि हेन्रीने कैदी मारायला सांगितले. शेक्सपिअरच्या १५९९च्या 'पाचवा हेन्री' नाटकात हा हुकूम आहे. पुढच्याच प्रवेशात गॉवर नावाचा इंग्रज कप्तान म्हणतो, सामानाजवळची पोरं फ्रेंचांनी मारली म्हणून राजाने हे केलं, योग्यच केलं. पण क्रम बघा: हुकूम आधी, सबब मागाहून. लेखकाला ते दिसलं नसेल, असं मला वाटत नाही. बाणाचा व्रण त्याने पुसला, हा ठेवला. १९४४ साली, महायुद्ध चालू असताना, नट-दिग्दर्शक लॉरेन्स ऑलिव्हिएने या नाटकावर चित्रपट केला आणि हुकूमच कापला. म्हणजे इथे रंग लावला तो नंतरच्यांनी, आणि आपण बोट दाखवतो...

हो, हो, थांबतो. फ्रान्समधल्या हार्फ्लर बंदराचा वेढा राहिला, हेन्रीचं १४२२ मधलं मरणही राहिलं. चिठ्ठीच्या खाली लिहिलंय, चहा निवतोय.